जिल्ह्याचा षड्ज

खोली भाड्याने घेताना आपण घरमालकाला विचारतो, पाणी किती वाजता येतं, पाहुणे आले तर चालतील का. मी यातलं काही विचारायच्या आधी त्यांनीच मला विचारलं, "बाई, गजराचं घड्याळ आहे का तुमच्याकडे?"

मी म्हटलं, आहे. शाळेत शिकवणाऱ्या बाईकडे दुसरं काही नसलं तरी ते असतंच.

"दाखवा."

मी ट्रंक उघडून घड्याळ काढून दिलं. त्यांनी ते कानाला लावलं, डोळे मिटले आणि बराच वेळ तसेच उभे राहिले. मला वाटलं, बंद पडलं की काय.

"ठीक आहे. बेसूर नाही," ते म्हणाले. "पण मागच्या भिंतीला ठेवू नका. त्या भिंतीपलीकडे मी बसतो."

एवढ्यावर खोली मिळाली. माझं नाव त्यांनी विचारलं ते आठवड्यानंतर.

मी नगरला आले ती सत्तर साली, अकोले तालुक्याच्या डोंगरातून, मुलींच्या शाळेत विज्ञान शिकवायला. सावेडीत तेव्हा बंगले मोजकेच होते आणि मधल्या मोकळ्या जागेत बाभळी. त्यांतल्याच एका बैठ्या घराची पुढची खोली माझी आणि मागच्या दोन त्या नवरा-बायकोच्या. मी त्यांना काका-काकू म्हणायची. काका पन्नाशीचे, उंच, काटकुळे. सदऱ्याचं वरचं बटण कायम उघडं, कारण ते लावलं की श्वास अर्ध्यावर अडतो असा त्यांचा दावा. पाटबंधारे खात्यातली कारकुनी त्यांनी बासरीपायी सोडली होती.

"सोडली कसली," काकू म्हणायच्या. "फायलींवर ताल धरायचे दिवसभर. शेवटी साहेबानंच हात जोडले, म्हनाले, आता घरीच वाजवा."

काकू श्रीगोंद्याकडच्या, ऊसवाल्या घरातल्या. बोलायला फटकळ आणि हसायला मोकळ्या. त्यांच्या स्वयंपाकघरात भांडी आकाराप्रमाणे नव्हे, सुराप्रमाणे लावलेली असत. काकांनीच एका रविवारी चमच्याने वाजवून वाजवून ती लावून ठेवली होती. त्यामुळे आमटीचं पातेलं वरच्या फळीवर आणि चहाचं खाली गव्हाच्या डब्यामागे. काकूंनी ते मुकाट मान्य केलं होतं. फक्त कुणी पाहुणा चहाला आला की त्या मोठ्याने म्हणत, "थांबा हं, खालचा सा काढते."

काका रस्त्याने चालले की मागे काही ना काही घडायचंच. एकदा त्यांनी भाजीवालीला थांबवून सांगितलं की मावशी, तुम्ही अर्ध्या सुराने खाली ओरडा, लांबपर्यंत जाईल. तिने आधी दोन शिव्या दिल्या आणि मग करून पाहिलं. चौथ्या दिवशी तिने आमच्या ओट्यावर पावशेर गवार आणून ठेवली आणि पैसे घेतले नाहीत. काका ती गवार घेऊन माझ्या खोलीत आले, म्हणाले, "बाई, तीस वर्षं वाजवतोय. ही पहिली दाद."

ही थट्टा नव्हती. गावात एक संगीत मंडळ होतं. त्याचे सेक्रेटरी एक वकीलसाहेब, गाण्यातले जाणकार, पांढरीशुभ्र टोपी आणि हातात कायम अडकित्ता. काका तरुण असताना मंडळाच्या बैठकीत एकदाच वाजवायला बसले होते. दहा मिनिटं झाली असतील, तेवढ्यात वकीलसाहेबांनी अडकित्ता खाली ठेवला आणि सगळ्यांदेखत म्हणाले, "बासरीवाले, सूर उतरतोय तुमचा." बस्स, एवढंच. त्यानंतर वीस-बावीस वर्षं काकांनी मंडळाची पायरी चढली नाही. पण ते वाक्य त्यांच्या पोटात तसंच राहिलं होतं. त्यांना आयुष्यात एकच गोष्ट हवी होती. त्याच मंडळाच्या व्यासपीठावर, त्याच वकीलसाहेबांसमोर तासभर असं वाजवायचं की सूर जागचा हलणार नाही. हे त्यांनी मला पहिल्याच दिवाळीत चकली खाता खाता सांगितलं होतं. पुढे जे जे खूळ त्यांनी केलं, ते सगळं यासाठी केलं असं मी धरून चालते.

मी राहायला आले तेव्हा काकांचा शांतीचा काळ चालू होता. गावाबाहेर एका निवृत्त इंजिनिअरसाहेबांनी शांतिकेंद्र काढलं होतं. तिथे संध्याकाळी चटयांवर लोक उताणे पडत आणि मन रिकामं करत. पेन्शनर, दमेकरी, लग्न न जमणारे आणि मधूनच लांब केसांचे, झब्बे घातलेले परदेशी. या पडलेल्या मंडळींसाठी काका बासरी वाजवायचे. राग नाही, ताल नाही, तान तर मुळीच नाही. चार सूर घ्यायचे आणि एकेक सूर श्वास संपेपर्यंत धरायचा. परदेशी पाहुण्यांना ते फार आवडे. हेच पुढचं संगीत आहे, नवं युग येतंय, असं त्यांनी काकांना खुणा करून करून समजावलं होतं.

काका घरी येऊन एका वहीत नोंद करत. मी ती वही पाहिली आहे. "मंगळवार. सात झोपले. एक घोरला (बेसूर). एक बाई रडल्या." "गुरुवार. अकरा झोपले. इंजिनिअरसाहेबसुद्धा."

"लोकांची गाणी ऐकून लोक जागे राहत्यात," काकू मला म्हणाल्या, "आणि ह्यांचं नाव झालं ते झोपवण्यात."

पण नाव झालं हे खरं. चटया वाढल्या, मागच्या रांगेला ऐकू येईना. म्हणून इंजिनिअरसाहेबांनी मांडववाल्याकडून कर्णा आणि ॲम्प्लिफायर मागवला. तो लावला मात्र, आणि बासरीच्या आधी त्यातून एक घुंऽऽ असा आवाज सुरू झाला. लग्नात आपण तो ऐकतो आणि विसरतो. इथे शांततेत तो भुंग्यासारखा सगळ्यांच्या कानात शिरला. इंजिनिअरसाहेब चटईवरून उठून म्हणाले, "अहो, तो भुंगा बंद करा आधी."

काकांनी बासरी ओठांना लावली, एक सूर काढला आणि खाली ठेवली. पुन्हा लावली, पुन्हा ठेवली. मग त्यांनी सगळ्यांना हात जोडून सांगितलं, की आज मी वाजवणार नाही, आज आपण सगळे हेच ऐकू. आणि चाळीस मिनिटं त्या लोकांना तो भुंगा ऐकवला. दुसऱ्या दिवशी शांतिकेंद्राने त्यांना निरोप दिला. वहीतली भुंग्याच्या संध्याकाळची नोंद अशी आहे: "आज एकही झोपला नाही."

एका परदेशी पाहुण्याला मात्र तो भुंगा इतका भावला, की मायदेशी परतताना त्याने आपला मोठ्या चाकांचा टेपरेकॉर्डर आमच्या ओट्यावर आणून ठेवला आणि काकांच्या पाया पडून गेला. काकूंना वाटलं, तो विसरून गेला. दोन महिने त्यावर त्यांनी चादर टाकून ठेवली होती, परत न्यायला आला तर धूळ नको म्हणून.

मी विज्ञान शिकवते हे काकांना तेव्हा अचानक आठवलं. एका संध्याकाळी ते माझ्या दाराशी उभे राहिले.

"बाई, तो भुंगा कुठून येतो?"

मी शाळेत सांगते तसं सांगितलं. आपल्याकडची वीज सरळ वाहत नाही, सेकंदाला पन्नास वेळा हेलकावे खाते. यंत्रात थोडी खोट असली की तो हेलकावा आवाज होऊन कर्ण्यातून बाहेर पडतो.

"सगळ्या गावात पन्नासच?"

"सगळ्या मुलखात. धरणावरची चाकं जशी फिरतात तसे हेलकावे. सगळ्या तारा एकमेकींना जोडलेल्या आहेत."

ते ओट्यावर खालीच बसले. "म्हणजे श्रीगोंद्यापासून मुंबईपर्यंत सगळ्या तारा एकच सा गातायत," ते म्हणाले. "आणि तंबोरा मात्र प्रत्येक जण आपापला लावतोय."

सा म्हणजे षड्ज. गाणाऱ्या-वाजवणाऱ्याने पहिला पाय टेकायची जागा. काकांनी त्या दिवशी आपली जागा बदलली. त्यांचं म्हणणं सरळ होतं. माणूस वाजवतो म्हणून सूर उतरतो. जो सूर धरणावरून येतो, तो कशाला उतरेल? त्याच्यावर बासरी लावायची. मग बघू वकीलसाहेब काय म्हणतात ते.

आणि विजेच्या संगीताचा काळ सुरू झाला. जुन्या बाजारात लष्करातलं मोडीत निघालेलं सामान यायचं. तिथून काका वजनावर रेडिओचे व्हॉल्व्ह, तारांच्या गुंडाळ्या, बटणं आणू लागले. शाळेतून आल्यावर मी डाख द्यायची सळई तापवून बसायची. माझ्या वयाच्या मुली तेव्हा स्वेटर विणत होत्या. दोन महिन्यांत आम्ही एक पेटी उभी केली. वरचं खोकं शेवयांच्या यंत्राचं, फिरवायची बटणं निम्मी रेडिओची आणि निम्मी बाटल्यांची बुचं. ती सुरू केली की तो भुंगा शुद्ध होऊन यायचा, मधून त्याचेच वरचे सूर काढता यायचे, आणि बूच फिरवलं की सगळं लाटेसारखं वरखाली व्हायचं. वर बासरी. नगर जिल्ह्यात असलं काही कुणी ऐकलं नव्हतं, आणि ऐकायची कुणाची मागणीही नव्हती.

टेपरेकॉर्डरचा उपयोग त्यांनी आणखी वेगळा काढला. टेपच्या फितीची दोन्ही टोकं चिकटवून तिचा एक मोठा फेर केला. तो त्यांच्या खोलीतून निघून माझ्या खिडकीच्या गजाला वळसा घालून परत जायचा. बासरीचा एक तुकडा वाजवला की काही वेळाने तोच तुकडा फिरून परत येई, आणि काका स्वतःच्याच मागून वाजवत. संध्याकाळी मला मोरीकडे जायचं तर त्या फितीखालून वाकून जावं लागे. माझी आई अकोल्याहून भेटायला आली, तेव्हा तिने त्या फितीवर ओला पंचा वाळत घातला. मी हादरले. काकांनी मात्र डोळे मिटून ऐकलं आणि आईला म्हणाले, "वहिनी, आज सूर कसा छान भिजून आलाय." आईने मला त्याच रात्री विचारलं, दुसरीकडे खोली बघायची का.

इथपर्यंत सगळं ठीक चाललं होतं. मग काकांच्या लक्षात आलं की सा उतरतो.

दिवसा बासरीला बरोबर जुळणारी पेटी संध्याकाळी सहा-साडेसहाला हळूहळू खाली सरकायची. काका हार्मोनियमच्या पट्ट्यांच्या भाषेत म्हणत, "पांढरी पाचवरून निघतो आणि काळी तीनच्या दारात जाऊन बसतो." बासरीचं तसं नाही. बांबूला भोकं एकदा पाडली की पाडली. पहिल्या दिवशी त्यांना वाटलं, आपलेच कान गेले. चेहरा असा झाला होता की काकूंनी दृष्ट काढली. मी त्यांना समजावलं, की संध्याकाळी गावागावांतून दिवे लागतात, विहिरींवरच्या मोटरी सुरू होतात. एका मोटरीने काही होत नाही, पण मुलखातल्या सगळ्या मिळून ओढायला लागल्या की धरणावरची चाकं जड होतात आणि जराशी मंदावतात. वीज मंदावली की सूर खाली येतो.

"म्हणजे उसाला पाणी सुरू झालं, की माझा सा उतरतो?"

"साधारण तसंच."

त्यांनी काकूंकडे पाहिलं. काकू भाकरी थापत होत्या. त्या म्हणाल्या, "माझ्याकडं काय बघता? माझ्या माहेरी काय एकच मोटर हाय का?"

मी त्यांना उपाय सुचवला. बॅटरीवर चालणारी छोटी पेटी करू, तिचा सूर बाहेरच्या विजेशी जोडलेलाच नसेल, कधी हलणार नाही. करूनही दिली. काकांनी ती कानाशी धरली आणि परत दिली. "बाई, हा चांगला आहे. पण हा एकटा आहे. मला सगळ्यांचा हवाय." त्यावर मी चिडले होते, आजही थोडी चिडते. ती पेटी करायला मला नऊ संध्याकाळी लागल्या होत्या.

त्या वर्षी हिवाळ्यात मंडळाने नवोदितांची संध्याकाळ ठेवली. बावन्न वर्षांच्या काकांनी त्यात नाव दिलं. वकीलसाहेबांनी नाव वाचून चष्मा पुसला म्हणे, पण नाव यादीत राहू दिलं. कार्यक्रम शनिवारी, साडेसहा ते साडेसात. म्हणजे नेमकी मोटरींची वेळ.

काकांनी काय करावं? श्रीगोंदा तालुक्यातल्या आपल्या सासरच्या यच्चयावत नातेवाइकांना पोस्टकार्डं टाकली. मजकूर सगळीकडे एकच. "येत्या शनिवारी सायंकाळी साडेसहा ते साडेसात विहिरीवरील मोटर बंद ठेवणे. कारण समक्ष सांगेन. शेजाऱ्यांसही कळवावे." मी त्यांना पुन्हा सांगितलं की एका तालुक्याने काही फरक पडत नाही. ते म्हणाले, "सुरुवात आपल्या घरापासून करावी."

पोस्टकार्ड गावात पोचलं की ते आधी सगळं गाव वाचतं. आठवडाभरात तिकडे बातमी झाली, की शनिवारी वीजवाल्यांची धाड आहे, मोटरी जप्त होणार आहेत, आणि पूर्वी सरकारी खात्यात असलेल्या जावयाने आतून खबर दिली आहे. काकूंचे धाकटे भाऊ शनिवारी दुपारी एसटीने येऊन थडकले. धोतर, फेटा, खांद्यावर उसाची मोळी.

"दाजी, धाड किती वाजता हाय?"

"कसली धाड?"

"मंग मोटर का बंद करायला लावली? आमच्या वस्तीवर निम्म्यांनी स्टार्टर काढून कडब्यात लपवल्यात!"

काकांनी त्यांना सा समजावला. ते शांतपणे ऐकत होते. ऐकून झाल्यावर त्यांनी बहिणीकडे पाहिलं.

"आक्का, दाजींची तब्येत बरी हाय ना?"

"पहिल्यापासून अशीच हाय," काकू म्हणाल्या.

मग काकांकडे वळून ते म्हणाले, "दाजी, राग मानू नका. आज माज्या उसाला पान्याची पाळी हुती. म्या मोटर चालूच ठेवून आलोय. ऊस काय सुरावर वाढत न्हाई."

कार्यक्रमाचं वर्णन मी थोडक्यात करते, कारण ते आठवलं की अजून डोळे मिटून घ्यावेसे वाटतात आणि हसूही येतं. काका पेटी लावून बसले. जुन्या छत्रीच्या कापडाच्या पिशवीत सात बासऱ्या, एकीपेक्षा एक जराशी लांब. पहिली पाच मिनिटं जमलं. मग सा निघाला खाली. काकांनी बासरी बदलली. सा आणखी खाली. त्यांनी तिसरी काढली. चौथी शोधताना पिशवी उलटी झाली आणि उरलेल्या बासऱ्या व्यासपीठावरून घरंगळत वकीलसाहेबांच्या पायाशी गेल्या. वकीलसाहेबांनी एक उचलली, अडकित्ता बाजूला ठेवला आणि वीस-बावीस वर्षांपूर्वीचं वाक्य पुन्हा म्हणाले, "बासरीवाले, सूर उतरला."

"माझा नाही," काका ताठ बसून म्हणाले. "जिल्ह्याचा उतरलाय."

सभागृह हसलं. पुढे वर्षभर गावात ते चालू होतं. दूध पातळ आलं, बस चुकली, लग्न मोडलं, की कुणीतरी म्हणायचं, जिल्ह्याचा उतरलाय. काका त्या हसण्यात सामील व्हायचे. घरी आले की मात्र सातही बासऱ्या पुसत बसायचे. मला त्यांचं वाईट वाटायचं, आणि बॅटरीची पेटी कपाटात दिसली की रागही यायचा.

नंतर बहात्तर साल आलं, दुष्काळाचं. त्या वर्षाबद्दल आमच्या बाजूच्या माणसांना काही सांगावं लागत नाही. आमच्या शाळेत मुली निम्म्या झाल्या. रस्त्यांवर खडी फोडणाऱ्या बायकांच्या रांगा लागल्या. मंडळाने एक कार्यक्रम ठेवला, प्रवेश मूठ-मूठ धान्यावर, जमेल ते खडी फोडणाऱ्यांकडे पोचवायचं. गावातले जे कुणी वाजवत होते त्या सगळ्यांना बोलावलं. काकांनाही. वेळ पुन्हा तीच, संध्याकाळची.

या वेळी काकांनी एकही पोस्टकार्ड टाकलं नाही. "असल्या वर्षी कुणाला काय सांगायचं," ते म्हणाले. सातही बासऱ्या त्यांनी घेतल्या, टेपरेकॉर्डर आणि फितीचा एक छोटा फेर सोबत घेतला आणि काकूंनी पिशवीला नाडी शिवून दिली.

त्या संध्याकाळी त्यांनी पिशवी उघडलीच नाही. पेटी सुरू झाली, पहिली बासरी लागली आणि लागलेली राहिली. सव्वासहा झाले, साडेसहा झाले, मी सारखी घड्याळ बघत होते, पण सा जागचा हलला नाही. काकांना ते दहा मिनिटांत कळलं असावं. त्यांचे खांदे सैल झाले. मग ते जे वाजवायला लागले, ते मी भिंतीपलीकडून तीन वर्षांत कधी ऐकलं नव्हतं. फितीवरून त्यांचाच तुकडा परत येई, ते त्याला उत्तर देत, खालून तो मुलखाचा सूर भरून येत होता. धान्याच्या पिशव्या मांडीवर घेऊन बसलेली माणसं चुळबुळ करायची थांबली. वकीलसाहेबांचा अडकित्ता उघडा तो उघडाच राहिला होता. काकू माझा हात धरून बसल्या होत्या. त्यांनी तो इतका दाबला की माझी काकणं रुतली.

मध्ये पाणी प्यायला काका थांबले. टाळ्या काही थांबेनात. पहिल्या रांगेत काकूंचे भाऊ बसले होते. त्या वर्षी ते बरेचदा आमच्याकडे असत. त्यांना मनापासून आनंद झाला होता. ते उठून उभे राहिले आणि शेतात हाक मारावी तसे म्हणाले, "दाजी, यंदा तुमचं ऐकलं बगा! मोटर बंदच हाय!"

लोक हसले. जुनी गंमत सगळ्यांना माहीत होती. काकूंचे भाऊही हसत होते.

काका हसले नाहीत. त्यांनी तांब्या खाली ठेवला आणि पेटीकडे कान करून ऐकत राहिले. मग मेहुण्याकडे पाहून विचारलं, "कधीपासून?"

"दिवाळीपासनं. हिरीला तळ दिसतोय. माजीच न्हाई, सगळ्यांचीच तऱ्हा हाय. ऊस तर कवाच गेला." आणि त्यांना समजावल्यासारखं म्हणाले, "तुमी वाजवा हो. ब्येस वाजतंय."

काकांनी पेटीचं बटण बंद केलं. तो सूर गेल्यावर सभागृह एकदम मोठं वाटायला लागलं. लोकांना वाटलं, संपलं. ते पुन्हा टाळ्या वाजवायला लागले. वकीलसाहेब शाल आणि नारळ घेऊन व्यासपीठावर चढले, टोपी सारखी केली आणि म्हणाले, "बासरीवाले, आज मी माझे शब्द मागे घेतो. आज सूर जागचा हलला नाही."

वीस-बावीस वर्षं ज्या वाक्याची वाट पाहत या माणसाने नोकरी सोडली, शांतिकेंद्र सोडलं आणि गावाचं हसू सोसलं, ते वाक्य समोर उभं होतं. काकांनी नारळ घेतला. दोन्ही हातांनी तो वकीलसाहेबांना परत दिला.

"हलायला पाहिजे होता, वकीलसाहेब," ते म्हणाले, आणि पिशवी उचलून खाली उतरले.

त्यानंतर त्यांनी बासरी वाजवली नाही. फीत माझ्या गजावरून काढून घेतली. मला आता वाकावं लागत नव्हतं, पण सवयीने मी वाकायचीच. पेटी मात्र रोज संध्याकाळी साडेसहाला दोन मिनिटं सुरू व्हायची. बासरीचा एकच सूर निघायचा, पडताळ्यापुरता. मग पेटी बंद. स्वयंपाकघरातून काकू विचारत, "उतरला का?"

"नाही."

रोज एवढंच. मी विज्ञानाची बाई. मला त्यांना सांगता आलं असतं, की सूर न उतरायला दहा कारणं असू शकतात. पण मीही त्या वेळी वह्या तपासायचं थांबवून कान देऊ लागले होते. आणि "नाही" ऐकलं की लाल पेन्सिल उगाचच जोरात चाले.

पुढच्या वर्षी पाऊस झाला. विहिरींना पाणी चढायला वेळ लागतो, लावणीला आणखी. दसरा गेला, दिवाळी गेली. संध्याकाळचं "नाही" चालूच होतं. मग थंडी पडल्यावर एका बुधवारी मी सहावीच्या वह्या घेऊन बसले होते. भिंतीपलीकडे पेटी सुरू झाली, बासरीचा सूर निघाला, आणि पुन्हा निघाला. मग धाडकन काहीतरी पडलं आणि काका ओरडले, "बाई! अहो, या इकडे! उतरला!"

मी धावत गेले. काकू पिठाच्या हातांनी उभ्या होत्या. पेटी घुंऽऽ करत होती आणि बासरी तिच्यावर चढून बसली होती, कुणालाही कळावं इतकी बेसूर. काकांनी पिशवी जमिनीवर ओतली, दुसरी बासरी लावली. "अजून खाली हाय!" तिसरी लावली. "अजून!" एरवी शुद्ध बोलणारे काका पार सासुरवाडीच्या बोलीवर आले होते. सातवी, सगळ्यांत लांब बासरी लागली तेव्हा त्यांनी डोळे मिटले आणि वर्षभराचं साचलेलं सगळं तिच्यातून काढलं. सा मधेच आणखी सरकला, बासरी बेसूर झाली, पण ते थांबले नाहीत. बेसूरच वाजवत राहिले, आणि मधूनच हसू फुटून सूर तुटत होता. काकूंच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि त्या पदराऐवजी पिठाच्या हातांनी ते पुसत होत्या. मीही रडले, उगाच शहाणपण कशाला सांगू?

शनिवारी पोस्टमन आला. श्रीगोंद्याचं पोस्टकार्ड होतं, मेहुण्यांच्या हातचं, वेड्यावाकड्या अक्षरांत. काकांनी ते वाचलं आणि माझ्याकडे दिलं. मग आत जाऊन पेटीच्या वरच्या फळीला चार बारीक खिळे ठोकून ते लावून टाकलं. मी नगर सोडून गेले तेव्हाही ते तिथेच होतं.

"दाजींस नमस्कार. बुधवारी सायंकाळी साडेसहा वाजता मोटर चालू केली आहे. माफी असावी."